हाकेपलीकडचे डोंगळे

सुनीचा फोन आला तेव्हा मी इंदिरानगरच्या आमच्या बाल्कनीत कांदा चिरत बसले होते. घरात चिरला की सासूबाईंचे डोळे झोंबतात, म्हणून बाहेर. सुनी म्हणजे माझी चुलतबहीण, माझ्या थोरल्या काकांची, आप्पांची, एकुलती एक मुलगी. तिला फोनवर हळू बोलता येत नाही. विहिरीच्या पलीकडच्या माणसाशी बोलावं तशी बोलते.

"रविवारी ये. डोंगळे लावायचेत. आई म्हणती, हाक मारायला माणूस नाय."

"तू आहेस ना तिथं? तूच मार की."

"माझी चालत नाय तिला. म्हणती, कमलच्या पोरीला बोलाव."

कमल म्हणजे माझी आई. ती ह्या उन्हाळ्यात गेली. मी "बरं" म्हटलं, फोन ठेवला आणि उरलेला कांदा चिरून टाकला. बाजारातला पाणचट कांदा. ना वास, ना चव.

रविवारी सकाळी पंचवटीतून दिंडोरीची बस धरली. लहानपणी ह्या रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गहू दिसायचा, हरभरा दिसायचा आणि कांदा तर बघायलाच नको. आता खिडकीतून नुसत्या द्राक्षबागा. छाटणी होऊन गेलेली, नवी पोपटी पानं फुटलेली, तारांवर ओळीने हात टेकून उभ्या असलेल्या वेली. उघड्या खिडकीतून फवारणीचा वास आत आला. पूर्वी ह्या वासाने माझं डोकं उठायचं. त्या दिवशी मात्र बरा वाटला. आपल्या गावचा वास म्हटलं की माणूस काहीही गोड मानून घेतो बघा.

कांद्याला बी कुठून येतं, असं मला शहरात आजवर कोणी विचारलं नाही. कांदा टोपलीतून येतो, विषय संपला. तर सांगते. चाळीत, म्हणजे कांदा साठवायच्या बांबूच्या मांडवात, पावसाळाभर राहून जो कांदा सडला नाही, कोंबारला नाही, हातात घेतला तर टणक लागला, तो निवडायचा. त्याचा शेंडा कापायचा आणि थंडीची चाहूल लागली की पुन्हा मातीत लावायचा. ते डोंगळे. माघात त्यांना कमरेएवढे पोकळ दांडे येतात, दांड्यांवर पांढरे गोल गोंडे फुलतात आणि ऊन तापायला लागलं की त्या गोंड्यांत काळं बी भरतं. त्याला आमच्याकडे उळं म्हणतात. पुढच्या सालाचा सगळा कांदा त्या काळ्या दाण्यांत. आणि ते बी मोठं नखरेल. जुनं झालं की उगवायचं मनावर घेत नाही. म्हणून डोंगळे दर साली लावायचेच. एक-दोन सालं चुकली की त्या कांद्याचा वंशच बुडाला.

आमच्या घरात दोन जावा होत्या आणि दोन कांदे. मोठी आई, म्हणजे आप्पांची बायको, हिच्याकडे लाल कांदा. पावसात लावायचा, दिवाळीच्या आगेमागे निघायचा. रंगाला असा की बघत राहावं, पण टिकायच्या नावाने शून्य. काढला की विकून मोकळं व्हायचं. आईचा उन्हाळ कांदा. चैत्रात निघणारा, फिकट विटकरी रंगाचा, दिसायला अगदी साधा, पण चाळीत टाकला की दिवाळीपर्यंत हूं की चूं करायचा नाही. भाव पडला तर थांबायची सोय त्या कांद्यानेच केली होती. आईने त्याचं बी माहेराहून आणलं होतं, पहिल्या दिवाळसणाहून परत येताना, पदराच्या गाठीला बांधून.

"लोकांच्या सुना माहेराहून भांडी आणत्यात," मोठी आई आल्यागेल्याला सांगायची, "आमच्या कमलनं उळं आणलं. एवढीशी गाठ! मला वाटलं, सोनंनाणं काय हाय की काय."

"सोनंच हाय ते, बाई," आई म्हणायची. आई मोठ्या जावेला बाई म्हणायची.

दोन कांद्यांची एकच अडचण. गोंडे एकाच वेळी फुलायचे. मधमाशी लालवर बसून उन्हाळवर बसली की बी बिघडलं. मग ना लालचा रंग, ना उन्हाळचा टिकाऊपणा. म्हणून दोघींचे डोंगळे लांब लांब लावायचे. लांब म्हणजे किती, तर हाकेपलीकडं. आमच्या घरात ही रीतच होती. एकीने दुसरीला हाक मारायची आणि जिथून ती ऐकू येणार नाही, तिथं दुसरे डोंगळे लावायचे.

ती सकाळ मला अजून दिसते. कार्तिकातली. गवतावर दव, पाय गारठून गेलेले, वारा अजिबात नाही. वारा असला तर हाकेचा दिवस पुढे ढकलायचा. मोटार बंद. वासराने हंबरू नये म्हणून त्याला गाईपाशी नेऊन बांधलेलं. दादांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी खोकायचं सुद्धा नाही. मोठी आई विहिरीपाशी उभी, हातात आप्पांचं पांढरं उपरणं, शेजारी सुनी. आणि आई रानातून ओहोळाकडे चाललेली, मागे मी, अनवाणी, तिचा पदर मुठीत. थोडं चालली की आई वळायची, दोन्ही तळवे तोंडाशी धरायची आणि हाक द्यायची, "ओऽऽ बाईऽऽ!"

लांबून उपरणं वर व्हायचं. ऐकू आलं. आणखी पुढं.

पुन्हा चालायचं, पुन्हा "ओऽऽ बाईऽऽ!" घरात आई इतकी हळू बोलायची की दादा म्हणायचे, हिला मीठ मागायलाबी चिठ्ठी लागती. पण रानात तिचा आवाज असा काही निघायचा की पाखरं उडायची. तो आवाज मला फार आवडायचा. वर्षातून एकदाच ऐकायला मिळायचा. ओहोळ ओलांडून बाभळींपाशी आलं की मग कुठे उपरणं खाली राहायचं. आई पायाने मातीत रेघ ओढायची आणि म्हणायची, "हितं."

तिथून पुढे वर्ष कसं फिरायचं! पौषात आम्ही दोघी पोरी दांडे किती वाढले ते स्वतःच्या कमरेशी मापून बघायचो. माघात गोंडे फुलले की ओहोळापलीकडे नुसता गुणगुणाट. त्या फुलांचा वास कोणाला सांगून पटत नाही. मधासारखा गोड, आणि त्याच्या पाठीमागे लपून बसलेला कांदा. दुपारी आई खुरपत असायची आणि मी बांधावर आडवी पडून डोळे मिटायची. माश्यांचा आवाज कानातून अंगात शिरायचा, खुरप्याचा आवाज मधेच यायचा, मधेच जायचा. झोप होती की जाग, कोण जाणे. मग चैत्रात अंगणात तळवट पसरून गोंडे वाळत घालायचे. दोन्ही जावा समोरासमोर बसून ते तळहातांनी चोळायच्या आणि सूप घेऊन पाखडायच्या. भुसा उडून त्यांच्या केसांत बसायचा. दोघी म्हाताऱ्या दिसायच्या आणि एकमेकींकडे बघून हसत सुटायच्या. काळं बी सुपात सरसर वाजायचं. त्यात कडुलिंबाचा वाळला पाला घालून पत्र्याच्या डब्यांत भरायचं, लालचा डबा वेगळा, उन्हाळचा वेगळा.

आणि चाळ! बांबूच्या पट्ट्यांतून उन्हाचे कवडसे आत पडलेले, कांद्याची रास, हात लावला की सालपटांचा कागदासारखा आवाज. सुनी आणि मी तिथं लपाछपी खेळायचो. सापडायचोच, कारण सालपटं चुगली करायची.

मग घर वाटलं गेलं.

कशावरून, ते मला आजही नीट माहीत नाही. कोणी म्हणतं कांद्याचा भाव पडला त्या सालावरून, कोणी म्हणतं मोटारीवरून, कोणी आणखी काही. भाव पडला होता हे खरं. पडलेल्या भावात माणसं एकमेकांच्या ताटाकडे बघायला लागतात, हेही मी पाहिलं. एका सकाळी ओसरीवर गावातली चार वडीलधारी माणसं बसली आणि सगळं निम्मं झालं. रान लांबीत चिरलं, मधे बांध घातला. विहीर सामाईक, पाण्याची पाळी वेगळी. घरात मधे कूड आला. भांडी, पाट, पोती, सगळं. पत्र्याच्या डब्यांतलं बीसुद्धा मापट्याने मोजून निम्मं-निम्मं केलं. आणि विहिरीपासून ओहोळापलीकडे पाणी नेणारे पाईप होते, तेही निम्मे. अर्धे आप्पांचे, अर्धे आमचे. एवढी शहाणी माणसं बसली होती, पण अर्धे पाईप अर्ध्याच रानापर्यंत पोचतात, हे एकाच्याही डोक्यात आलं नाही!

दोघी जावांचा अबोला झाला. भांडण तरी बरं, त्यात आवाज असतो. कुडापलीकडे मोठ्या आईने तव्यावर भाकरी टाकलेली आम्हांला ऐकू यायची, आमच्या फोडणीचा ठसका तिला लागायचा, ती खोकायची, आई पदराने धूर मागे सारायची आणि कोणी कोणाला काही म्हणायचं नाही. सुनी आणि मी शाळेच्या वाटेवर बोलून घ्यायचो आणि फाटक आलं की गप्प.

त्या कार्तिकात डोंगळे लावायची वेळ आली. आईच्या पाण्याला पाईप अपुरे. ओहोळापलीकडे पाणी जाणं शक्यच नव्हतं. तिने विहिरीजवळच, बांधाच्या ह्या अंगाला वाफे केले. बांधाच्या त्या अंगाला मोठ्या आईचे वाफे. दोघी पाठीला पाठ लावून लावत होत्या. हाक मारायची तर लांबच राहिली. त्या अंतरात कुजबुजलेलंही ऐकू गेलं असतं. दोघींनाही ठाऊक होतं. पण हाक मारायची म्हणजे आधी कोणीतरी तोंड उघडायचं, आणि ते तोंड कोणी उघडायचं?

आणि सांगायला नको वाटतं, पण तसा माघ मी पुन्हा पाहिला नाही. बांधाच्या दोन्ही अंगांना पांढरे गोंडेच गोंडे, एकच फुललेलं रान. माश्या ह्या वाफ्यातून त्या वाफ्यात, त्या वाफ्यातून ह्यात, दिवसभर, पिऊन झिंगल्यासारख्या. वास थेट घरात यायचा. आई दारात उभी राहून बघायची आणि आत निघून जायची. मी वेडी, मला वाटायचं, किती छान!

कांदा लगेच बोलत नाही. ते बी पेरलं, रोप लावलं, पुढच्या चैत्रात कांदा निघाला, तेव्हा त्यात रंगांची भेसळ होती. विटकऱ्यात लाल, लालात फिका, कुठे जाड मानेचे. आईने एक कांदा हातात घेतला आणि बराच वेळ फिरवत राहिली. बाजारात भाव मातीमोल होता, म्हणून दादांनी सगळा चाळीत टाकला. दिवाळीला उठेल, म्हणाले. दरवर्षी उठायचाच.

श्रावणात चाळीला वास सुटला. आधी गोडसर, मग असा की ओसरीवर बसवेना. पट्ट्यांतून काळं पाणी ठिबकायला लागलं. दादांनी रास उपसली तेव्हा हात घालावा तिथं लगदा. बैलगाडीत भरभरून ते रस्त्याच्या कडेच्या खड्ड्यात ओतायचं, वरून पाऊस. दादा कमरेवर हात ठेवून उभे होते आणि त्यांच्या पोटऱ्यांवरून सडक्या कांद्याचं पाणी ओघळत होतं. बापाला असं बघू नये कोणी.

आईने एक कांदा उभा चिरला. आतल्या पाकळ्या गडद लाल. "ह्यात बाईंचा लाल उतरलाय," ती म्हणाली. एवढंच.

मग डबा काढला. जुनं, भेसळीआधीचं बी थोडं तरी तळाला असेल म्हणून उलटा केला, ठोकला. कडुलिंबाचा चुरा पडला फक्त.

त्या पावसाळ्यात आई दुसऱ्यांच्या बागेत मजुरीला जायला लागली. दादा एक दिवस जेवताना म्हणाले, "दिवाळीनंतर रान खंडानं देतो. घेणारा त्यात बाग लावीन म्हनतोय. अंबडला कंपनीत लावून देणारा माणूस भेटलाय. खोली घेऊ तिकडंच."

"आन् डोंगळे?" आईने विचारलं.

"कशाचे डोंगळे लावती आता? त्या सडक्याचे?"

दादाही काही वाईट माणूस नव्हते हो. थकले होते. मला तर नाशिकला जायचं म्हणून आतून उकळ्या फुटत होत्या, पण आईकडे बघितलं की त्या तिथल्या तिथं बसायच्या. ती तेव्हा चाळीत जायची आणि रिकाम्या पट्ट्यांवरून हात फिरवायची. माहेर केव्हाच उठून गेलं होतं तिचं. आई-वडील नाहीत, भावाने रान विकलेलं. त्या घरातलं जे काही उरलं होतं ते एवढंच होतं, आणि ते खड्ड्यात ओतलं गेलं होतं.

दिवाळी झाली. खंडाची बोलणी करायला माणूस येणार त्याच्या आदल्या दिवशी, सकाळी, मी अंगण झाडत होते. फाटक वाजलं. मोठी आई आत आली. आमच्या अंगणात! माझ्या हातातला खराटा तसाच राहिला. तिच्या खांद्यावर कांद्याच्या माळा होत्या, पातींना पात गुंफून केलेल्या, कोरड्या खडखडीत. तिने त्या ओट्यावर ठेवल्या. विटकरी रंगाचे कांदे, एकसारखे, टणक.

आई आतून आली आणि उंबऱ्यातच थांबली.

"वाटणीत तुझं निम्मं बी माझ्याकडं आलं व्हतं," मोठी आई कांद्यांकडे बघत म्हणाली. "म्या गेल्या साली परसात टाकलं, घरच्या खाण्याला. जुनं झालं व्हतं, निम्मं उगावलंच नाय. जे उगावलं ते हे. मेलं, तुझ्या कांद्याची सवय लागलीय आमच्या घराला. लालनं भागत नाय."

आईने वाकून माळेतला एक कांदा दाबून पाहिला.

"माझा लालबी बिघडला औंदा. त्याचं काय, लालचं बी कुठंबी मिळतं, बाजारातून आणीन. हे कुठं मिळायचं?" आणि मग एकदम चिडून, आवाज चढवून, "अगं माश्यांना कोण सांगणार व्हतं वाटणी झाली म्हणून? आपल्याला तरी अक्कल पायजे व्हती का नाय? दोघींना?"

"व्हती," आई म्हणाली. "दोघींना."

"मग? उभी काय राहिली? वारा नाय आज. मी विहिरीपाशी थांबते. तू जा आन् हाक मार."

मी खराटा टाकून आईच्या मागे धावले. आई भरभर चालली, मग थांबली, वळली. तळवे तोंडाशी नेले. आवाज आला नाही. पुन्हा नेले. दोन सालं त्या माणसाशी शब्द नाही आणि आता ओरडायचं, तेही सगळ्या रानाला ऐकू जाईल असं. शेवटी निघाला तो आवाज घरातलाच होता, बारीक, चिरका. "ओ बाई..."

अंतर ते काय, विहिरीवरचं मोठ्या आईचं कुंकू दिसत होतं. पण उपरणं असं वर गेलं की वाटलं खांद्यातून हात निखळतो.

मग मात्र आईला आवाज सापडला. "ओऽऽ बाईऽऽ!" पाखरं उडाली. आम्ही चालत राहिलो, उपरणं वर होत राहिलं. पऱ्हाटी मागे पडली, तुरी मागे पडल्या, ओहोळात पाय भिजले. बाभळींपाशी आईने हाक मारली आणि लांबवरचा पांढरा ठिपका हलला नाही. आई बघत राहिली. पुन्हा मारली. नाहीच हलला. आई मटकन खाली बसली आणि रडायला लागली, हसायलाही लागली, आणि पायाने नाही, हातानेच मातीत रेघ ओढली.

"आई, पण पाणी?" मी विचारलं. मला तेवढंच सुचलं.

पाणी दुपारी आलं. आप्पांनी त्यांचे पाईप खांद्यावर घेऊन बांध ओलांडला, दादांनी आमचे काढले. दोघं भाऊ एकमेकांशी बोलले असं नाही. "धर", "हां", "आवळ", एवढंच. पण जोड बसला आणि ओहोळापलीकडे पाईपाच्या तोंडातून आधी हवा फुसफुसली, मग पाणी.

खंडाचा माणूस दुसऱ्या दिवशी आला आणि चहा पिऊन गेला.

त्यानंतर सगळं सुरळीत झालं असं मी म्हणणार नाही. कसलं काय! दादा पुढे बरीच सालं कंपनीत गेलेच, बसने जायचे आणि बसने यायचे. भाव आमच्यासाठी काही थांबला नाही. कूडही तसाच राहिला. पण दर कार्तिकात दोघी जावा हाक मारायला उभ्या राहायच्या, एकदाही चुकल्या नाहीत. माझं लग्न ठरलं त्या सालीही आईने सोयऱ्यांना थांबवून आधी डोंगळे लावले. पुढे आप्पा गेले, दादा गेले. सुनीच्या नवऱ्याने इथंच येऊन रान सांभाळलं, आमचंही. निम्म्यावर आता द्राक्षं आहेत. आई गेली तेव्हा चाळीच्या कोपऱ्यात तिने डोंगळ्यांसाठी बाजूला काढलेले कांदे होते, ते पावसाळाभर टिकले, आणि सुनीच्या नवऱ्याचं म्हणणं, हल्ली पाकिटातलं बी मिळतं, कशाला ही कटकट. म्हणूनच मोठ्या आईने मला बोलावलं होतं. ह्या साली लागले नाहीत तर संपलं.

मी पोचले तेव्हा मोठी आई विहिरीपाशी उभीच होती, काठी टेकून. केवढीशी झाली होती! हातात उपरणं होतं, पिवळं पडलेलं. मी पाया पडले तर माझ्या गालांवरून हात फिरवला आणि म्हणाली, "उशीर केला. ऊन वर आलं. जा, हाक मार."

"तिला ऐकू येत नाही ना आता?" मी हळूच सुनीला विचारलं.

"कानाशी ढोल वाजव, नाय येत. पण ऐकती कुणाचं? चल, मी येते संगं. आन् काकू मारायची तश्शी मार, नायतर परत धाडीन म्हणली मला."

दोघी निघालो. द्राक्षांच्या तारांमधून वाट काढत, जिथं पऱ्हाटी होती तिथून, जिथं तुरी होत्या तिथून. सुनीच्या डोक्यावर कांद्याची पाटी. थोडं गेल्यावर मी वळले, तळवे तोंडाशी धरले. लाज वाटली आधी. फ्लॅटमध्ये राहणारी बाई मी, ओरडायची सवय कुठली? मग डोळे मिटले आणि आत कुठंतरी आईला बघितलं. "ओऽऽ बाईऽऽ!"

पाखरं उडाली. सुनी थबकून माझ्याकडे बघायला लागली. "अगं बाई," ती म्हणाली, "काकूच!"

आणि विहिरीपाशी उपरणं वर झालं.

"बघून केलं असंल," सुनी म्हणाली. आम्ही पुढे गेलो. मी पुन्हा हाक मारली. उपरणं वर. सुनी म्हणाली, बागेच्या आड उभी राहून मार. मी आड उभी राहिले, जिथून मी दिसणं शक्यच नव्हतं. हाक मारली, पानांच्या फटीतून बघितलं. उपरणं वर. ओहोळ ओलांडला, बाभळी आल्या, आईची रेघ असायची ती जागा आली. हाक मारली. ठिपका वर. आणखी पुढे गेलो, थेट दुसऱ्याच्या बांधापर्यंत, पुढे रानच नव्हतं. मारली. वरच.

"आता कुठं लावायचे गं?" सुनी रडवेली झाली होती. "तिला ऐकूच येतंय."

आम्ही आईच्याच जागेवर परत आलो आणि तिथं लावले. लावून होईपर्यंत दुपार झाली. परत आलो तर मोठी आई तशीच उभी, हात अजून वर. मी तिचा हात धरून हळूच खाली घेतला. बोटं उघडून उपरणं काढून घेतलं.

"लागले?" तिने विचारलं.

मी मान हलवली.

"लांब गेली का गं ती?"

मी तिच्या कानाशी तोंड नेलं. "हो, मोठी आई. लांब गेली."

"तरी बघ," ती म्हणाली, "आवाज कसा येतोय."